पडण्याची नोंद आणि पडण्यानंतरची नोंद

(रुग्णालयाच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत प्रशासकांनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



वार्षिक सभेत प्रशासकाने उभे राहावे, जमाखर्चाचा गोषवारा मांडावा, देणगीदारांचे आभार मानावेत आणि खाली बसावे, असा आपल्याकडील परिपाठ आहे. जमाखर्चाची पत्रके लेखापरीक्षकांनी तपासलेली असून ती अहवालाच्या अखेरीस जोडली आहेत. त्यावर आपला वेळ न घेता यंदा आम्ही आपल्यापुढे अशा एका खात्याविषयी बोलणार आहोत, ज्याचे लेखापरीक्षण सहसा कोणी करीत नाही. ते खाते म्हणजे आपल्या अभिलेख कक्षातील रुग्णनोंदींचे. त्यातही विषय एकच. अपघाताने पडलेल्या माणसास पुढे वर्षानुवर्षे जे भोगावे लागते, त्याची नोंद आपण कशी करतो आणि त्या नोंदीस कोणता संकेतांक देतो, हा तो विषय.

आम्ही वाणिज्य शाखेचे पदवीधर. वैद्यकशास्त्राचा अधिकार आम्हास नाही आणि तो असल्याचा आव आणण्याचा हेतूही नाही. परंतु हिशेबाच्या वहीत एक रक्कम लिहावयाची राहिली तर पुढील सर्व पाने कशी चुकत जातात, हे आम्ही तीस वर्षे पाहत आलो आहोत. रुग्णांच्या नोंदवहीतही तेच घडते, हे मात्र आम्हास उशिरा उमगले. ते ज्या प्रसंगाने उमगले, तो प्रथम सांगतो.

आपल्याच परिसरातील एक शेतकरी गृहस्थ पावसाळ्याच्या तोंडाशी घराचे कवेलू फेरण्यासाठी छपरावर चढले होते. वासा मोडला आणि ते खाली अंगणात पाठीवर पडले. घरच्यांनी त्यांना आपल्या रुग्णालयात आणले. मणक्यास इजा झाल्याचे दिसताच प्रथमोपचार करून त्यांना नागपूरला पाठविण्यात आले. जीव वाचला, परंतु कमरेखालील शक्ती गेली ती कायमची. त्यानंतर सात वर्षे ते खाटेवर होते. या काळात ते चार वेळा आपल्याकडे दाखल झाले. एकदा मूत्रमार्गाच्या जंतुसंसर्गासाठी, दोनदा पाठीवरील दाबव्रणासाठी आणि अखेरच्या वेळी तीव्र ताप व ग्लानी आल्याने. त्या अखेरच्या वेळी ते घरी परतले नाहीत.

जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात २०२३ मध्ये झालेल्या दुरुस्तीनुसार मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्राची प्रत निकटच्या नातेवाइकास द्यावी लागते. त्याप्रमाणे ती त्यांच्या पत्नीस देण्यात आली. काही दिवसांनी ती माउली आपल्या महाविद्यालयीन मुलासह आमच्या कार्यालयात आली. मुलाने कागद वाचून दाखविला होता. त्यावर जंतुसंसर्ग रक्तात पसरल्याचे व मूत्रमार्गाच्या विकाराचे नाव होते, आणि मृत्यू नैसर्गिक असल्याच्या रकान्यात खूण होती. त्या बाईंनी कोणतीही तक्रार केली नाही. एवढेच विचारले, "साहेब, हे तं कवेलू फेरता फेरता पडले म्हनून गेले. तुमच्या कागदात ते कोठी लिवलं आहे?"

आम्ही त्यांच्यासमोर अभिलेख कक्षातून चारही केस पेपर मागविले. ते कोठेच लिहिलेले नव्हते. चार वेळच्या दाखल्यांना चार रोगांचे संकेतांक होते आणि चारही आपापल्या परीने अचूक होते. परंतु ते चारही ज्या एका क्षणापासून सुरू झाले, तो क्षण आमच्या दप्तरात नव्हता. संबंधित डॉक्टरांना विचारले असता त्यांनी प्रांजळपणे सांगितले, "लिहिताना समोर जंतुसंसर्ग होता. सात वर्षांपूर्वीचे छप्पर समोर नव्हते." दोष एकट्या डॉक्टरांचा नव्हता. तो प्रश्न विचारणारा रकानाच आम्ही केस पेपरवर छापलेला नव्हता.

मंडळी, येथे थोडा तांत्रिक भाग सांगणे भाग आहे. जगभरातील रुग्णालये रोगांची नोंद एका समान सूचीनुसार करतात. तिला रोगांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण, म्हणजे आयसीडी असे म्हणतात. तिचे मूळ १८९३ सालचे. फ्रान्सचे संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियों यांनी त्या वर्षी शिकागो येथे मृत्यूच्या कारणांची सूची मांडली. १९४८ पासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले. तिची दहावी आवृत्ती १९९० मध्ये मान्य झाली व आपण तीच वापरतो. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असून देशोदेशी तिचा स्वीकार टप्प्याटप्प्याने होत आहे.

दहाव्या आवृत्तीत अपघाताच्या जखमेस दोन संकेतांक द्यावे लागतात. एक, शरीरास काय झाले याचा. दुसरा, ते कशामुळे झाले याचा. मांडीचे हाड मोडले हा पहिला भाग. झाडावरून पडल्याने मोडले हा दुसरा. हिशेबाच्या भाषेत सांगावयाचे तर ही दुहेरी नोंद आहे. नावे बाजू लिहिली आणि जमा बाजू कोरी सोडली, तर तेरीज जुळत नाही. आपल्या रुग्णालयात बरीच वर्षे पहिलीच बाजू लिहिली जात होती.

पडण्यासाठी या सूचीत डब्ल्यू ०० ते डब्ल्यू १९ असे वीस संकेतांक राखून ठेवले आहेत. पहिलाच बर्फावरून घसरून पडण्याचा आहे, त्याचा सौंदडला उपयोग नाही. पण पुढील वाचत गेलो की आपलेच गाव डोळ्यांपुढे येते. एकाच पातळीवर घसरून वा अडखळून पडणे हे डब्ल्यू ०१. रोवणीच्या दिवसांत धुऱ्यावरून पाय घसरतो तो हा. खाटेवरून पडणे डब्ल्यू ०६, जिन्यावरून १०, शिडीवरून ११, इमारतीवरून अथवा छपरावरून १३, झाडावरून १४. शेळ्यांसाठी पाला तोडताना, आंबे उतरविताना, मधाच्या पोळ्यासाठी चढताना जे पडतात, ते सर्व या चौदाव्या घरातील. तलावात सूर मारताना तळ लागून मान दुखावणे हे डब्ल्यू १६. विहिरीत अथवा खड्ड्यात पडणे डब्ल्यू १७ मध्ये येते. आणि अखेरचा डब्ल्यू १९ म्हणजे 'पडला, पण कसे ते नमूद नाही'.

येथे एक सावधगिरी सांगितली पाहिजे. मराठीत आपण सर्वांना 'पडला' असेच म्हणतो, परंतु सूची तसे मानत नाही. बैलगाडीवरून पडलेला माणूस या वीस घरांत येत नाही. तो वाहतूक अपघातात, व्ही ८० मध्ये जातो. सायकलवरून किंवा मोटारसायकलवरून घसरलेलाही वाहतुकीतच जातो. म्हणजे केस पेपरवर नुसते 'पडल्याचा इतिहास' असे लिहिले, तर अभिलेख कक्षातील लिपिकापुढे दोनच मार्ग उरतात. एक तर तर्काने लिहावयाचे, नाही तर डब्ल्यू १९ लिहून मोकळे व्हावयाचे. आमचा लिपिक प्रामाणिक आहे. तो तर्क करीत नाही. परिणामी 'नमूद नाही' हे घर आमच्या वहीत सर्वांत गजबजलेले झाले होते.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. वरील सर्व संकेतांक ताज्या अपघातासाठी आहेत. माणूस पडल्यानंतर वर्ष लोटले, हाड सांधले पण वाकडे सांधले, डोक्याचा मार बरा झाला पण फिट येऊ लागली, मणका स्थिरावला पण पाय गेले, तर काय लिहावयाचे? अशा अवस्थेस सूची उत्तरपरिणाम मानते. जे मूळ दुखण्याचा परिणाम म्हणूनच नोंदविले आहे, अथवा मूळ घटनेनंतर एक वर्ष किंवा अधिक काळाने शिल्लक राहिलेला परिणाम म्हणून दिसते, ते उत्तरपरिणाम. त्यांच्यासाठी टी ९० ते टी ९८ ही घरे आहेत. डोक्याच्या इजेचे टी ९० मध्ये, मान व धडाच्या इजेचे टी ९१ मध्ये, हाताचे टी ९२ मध्ये आणि पायाचे टी ९३ मध्ये. मज्जारज्जूच्या इजेचा उत्तरपरिणाम टी ९१.३ होय, आणि मांडीचे हाड मोडल्याचा टी ९३.१. कारणाच्या बाजूस वाय ८५ ते वाय ८९ ही घरे असून पडण्याचा उत्तरपरिणाम वाय ८६ मध्ये लिहावा लागतो.

लिहिण्याचा क्रमही ठरलेला आहे. आज रुग्ण ज्यासाठी आला ते प्रथम. म्हणजे दाबव्रण असेल तर तो, पाय लुळे असतील तर ते, फिट असेल तर ती. त्यानंतर ते कोणत्या जुन्या इजेचे फळ आहे तो टी संकेतांक, आणि त्यापुढे वाय ८६. जुने मोडलेले हाड पुन्हा ताजे मोडल्याप्रमाणे लिहू नये. तसे केले तर एकच पावती दोनदा खतावल्यासारखे होते, आणि गावात एक माणूस दोनदा पडल्याचे दिसते. उलट, जुन्या इजेचा उल्लेखच गाळला, तर मागील शिल्लक पुढे न आणताच नवे पान सुरू केल्यासारखे होते. वाणिज्य शाखेच्या पहिल्या वर्षी आम्हास शिकविले होते की गतवर्षाची अखेरची शिल्लक हीच चालू वर्षाची आरंभीची शिल्लक असते. माणसाच्या शरीराचेही तसेच आहे, हे शिकण्यास त्या माउलीचा प्रश्न कारण झाला.

हीच गोष्ट मृत्यूच्या प्रमाणपत्रास लागू आहे. रुग्णालयातील मृत्यूसाठी जो नमुना ४ भरावा लागतो, त्याच्या पहिल्या भागात कारणे साखळीसारखी लिहावयाची असतात. वर तात्काळ कारण, त्याखाली ते ज्यामुळे झाले ते, आणि सर्वांत खाली जेथून सुरुवात झाली ते मूळ कारण. शेजारी प्रत्येकाचा काळ. त्या गृहस्थांच्या बाबतीत वरच्या ओळीत रक्तातील जंतुसंसर्ग, त्याखाली दाबव्रण व मूत्रमार्गाचा संसर्ग, आणि तळाशी 'घराच्या छपरावरून पडल्याने मज्जारज्जूस इजा, सात वर्षे' असे हवे होते. इजा कशी झाली, यासाठीही त्या नमुन्यात स्वतंत्र ओळ आहे. आमच्याकडून तळाची ओळ कोरी राहिली. राज्याची आकडेवारी तळाच्या ओळीवरून ठरते. तेथे जे नाही, ते राज्याच्या लेखी घडलेलेच नाही.

ही ओळ कोरी का राहते, याचा आम्ही प्रामाणिकपणे विचार केला. पहिले कारण घाईचे. दुसरे अधिक नाजूक आहे. अपघाताचे नाव आले की पोलिसांना कळविणे, पंचनामा, कदाचित शवविच्छेदन हे ओघाने येते. दुःखात बुडालेल्या कुटुंबास ते नकोसे वाटते. सात वर्षे ज्याची सेवा केली त्याच्या देहाची विटंबना होईल, अशी भीती वाटते. डॉक्टरांनाही त्यांना त्यात लोटणे जिवावर येते. ही करुणा आम्ही समजू शकतो. परंतु त्या करुणेची किंमत तेच कुटुंब पुढे मोजते, हेही आम्ही पाहिले आहे. यास्तव अशा दीर्घकालीन रुग्णाच्या नातेवाइकांशी वैद्यकीय अधिकाऱ्यांनी वेळ येण्यापूर्वीच बोलावे, कायद्याने काय करावे लागते ते शांतपणे समजावून सांगावे, असे आता ठरविण्यात आले आहे.

किंमत मोजावी लागते म्हणजे काय, तेही सांगतो. महाराष्ट्र शासनाची शेतकऱ्यांसाठी अपघाताची योजना आहे. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात विमा योजना या नावाने ती २०१५-१६ पासून चालली, आणि २०२३ पासून तिचे रूप सानुग्रह अनुदानाचे झाले. उंचावरून पडणे हा तिच्यात मोडणारा अपघात आहे. अपघाती मृत्यू झाल्यास अथवा दोन अवयव कायमचे निकामी झाल्यास २ लाख रुपये आणि एक अवयव निकामी झाल्यास १ लाख रुपये असे तिचे स्वरूप आहे. कवेलू फेरताना पडलेले ते गृहस्थ खातेदार शेतकरी होते. ते पडले त्या वर्षी ही योजना अस्तित्वात होती. अर्ज मात्र कोणी केला नाही. आम्ही त्या वेळी दिलेले कार्ड पाहिले. त्यावर मणक्याची इजा आणि 'पुढील उपचारार्थ नागपूर' एवढेच होते. छपरावरून पडल्याचा उल्लेख नव्हता, पंचनाम्याविषयी कोणी सुचविले नव्हते, आणि घरचे तर रुग्णास घेऊन नागपूरच्या वाटेला लागले होते. मुदत केव्हाच निघून गेली. त्या बाईंना आम्ही हे सांगितले तेव्हा त्या काही बोलल्या नाहीत. आम्हासही पुढे काही बोलता आले नाही.

येथे अतिशयोक्ती होऊ नये म्हणून स्पष्ट करतो. संकेतांक लिहिल्याने कोणास अनुदान मिळत नाही. त्यासाठी पोलिसांचा अथवा पोलीस पाटलांचा अहवाल, सातबारा, वैद्यकीय कागद हे सर्व लागते. दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्रही २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यानुसार सक्षम वैद्यकीय प्राधिकाऱ्यांच्या तपासणीनंतरच मिळते, आणि बहुतेक लाभांसाठी किमान ४० टक्के दिव्यांगत्व असावे लागते. पण संकेतांक द्यावयाचा म्हटले की कोणीतरी प्रश्न विचारतो, उत्तर कागदावर येते, आणि तोच कागद पुढे सर्वत्र उपयोगी पडतो. संकेतांकाचे मोल त्या आकड्यात नाही. ते त्या आकड्यासाठी लिहाव्या लागणाऱ्या वाक्यात आहे. वाक्य नसेल तर संकेतांक नाही, आणि संकेतांक नसेल तर त्या वाक्याची आठवण कोणास होत नाही.

दुसरा लाभ संपूर्ण गावाचा आहे. सौंदड हे मुंबई-कोलकाता राष्ट्रीय महामार्गावरील गाव. महामार्गावर अपघात झाला तर जखमीबरोबर पोलीस येतात, वाहनाचा क्रमांक येतो, वर्तमानपत्रात बातमी येते. त्या अपघाताची नोंद जणू आपोआप होते. झाडावरून पडलेला माणूस मात्र मुलाच्या मोटारसायकलवर मागे बसून, दोघांच्या मध्ये आवळून धरलेला असा येतो. त्याच्यासोबत कोणताही कागद नसतो. कित्येकदा तो आधी हाड बसविणाऱ्याकडे जाऊन आलेला असतो. म्हणून आपणा सर्वांस वाटते की येथे अपघात म्हणजे महामार्गावरचे. परंतु जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात दर वर्षी सुमारे ६ लाख ८४ हजार माणसे पडून मृत्युमुखी पडतात. अनपेक्षित इजांनी होणाऱ्या मृत्यूंत रस्ते अपघातांखालोखाल पडण्याचाच क्रमांक लागतो. यांपैकी ८० टक्क्यांहून अधिक मृत्यू अल्प व मध्यम उत्पन्नाच्या देशांत होतात. वैद्यकीय उपचार घ्यावे लागतील अशी पडझड तर वर्षाला ३ कोटी ७३ लाखांच्या घरात आहे. जे मरत नाहीत पण उठतही नाहीत, ते याच संख्येत असतात.

या ठिकाणी सूचीतील एक उणीव आपल्या निदर्शनास आणणे आवश्यक आहे, कारण तिच्यामुळे आमची जबाबदारी वाढते. नवव्या आवृत्तीत अपघाती पडण्याच्या उत्तरपरिणामास स्वतःचे घर होते, ई ९२९.३. दहाव्या आवृत्तीत ते राहिले नाही. वाय ८६ म्हणजे वाहतूक वगळता इतर सर्व अपघातांचे उत्तरपरिणाम. त्यात भाजलेलाही आहे, यंत्रात हात गेलेलाही आहे आणि छपरावरून पडलेलाही आहे. अमेरिकेने आपल्या स्वतंत्र आवृत्तीत मूळ कारणाच्या संकेतांकापुढेच सातव्या स्थानी एस हे अक्षर जोडून हा प्रश्न सोडविला आहे. तेथे झाडावरून पडल्याचा उत्तरपरिणाम झाडाचे नाव टिकवून लिहिता येतो. आपण जी सूची वापरतो तीत ती सोय नाही. म्हणजे आम्ही नियमाप्रमाणे वाय ८६ लिहिले तरी 'छप्पर' हा शब्द तेथे पुन्हा हरवतोच.

यावर आम्ही साधा तोडगा काढला आहे. नियमाचा संकेतांक नियमाप्रमाणे लिहावयाचा, आणि त्याशेजारी आमच्या स्थानिक वहीत मूळ घटना मराठीत, एका ओळीत, शब्दांनी लिहावयाची. 'सात वर्षांपूर्वी, घराचे कवेलू फेरताना, छपरावरून, अंगणात.' आकडा राज्याकडे जाईल, ओळ आपल्याकडे राहील. त्यासाठी केस पेपरवर आता चार रकाने छापून घेतले आहेत: कोठून पडला, अंदाजे किती उंचीवरून, काय करीत असताना, आणि केव्हा. उंची विचारण्यास एक कारण आहे. अकराव्या आवृत्तीत पडण्याचे मुख्य भाग उंचीवरूनच पाडले आहेत. एक मीटरहून कमी उंची अथवा एकाच पातळीवरील पडणे हा एक, आणि एक मीटर वा अधिक उंचीवरून पडणे हा दुसरा. उद्या ती आवृत्ती आपल्याकडे आली तर आपली वही तयार असेल.

पाचवी गोष्ट डॉक्टरांसाठी आहे. लुळे पाय, जुनाट दाबव्रण, वाकडे सांधलेले हाड, आखडलेला सांधा, मारानंतरची फिट अशा प्रत्येक रुग्णास 'हे पूर्वीच्या कोणत्या इजेमुळे आहे काय?' असे विचारून उत्तर एका ओळीत लिहावयाचे. लिपिकाने स्वतः होऊन दोन्हींचा संबंध जोडावयाचा नाही. शंका असल्यास त्याने केस पेपर डॉक्टरांकडे परत पाठवावयाचा. प्रत्येक वाकडे हाड पडल्यानेच वाकडे झालेले नसते, आणि वृद्ध भगिनींचे ठिसूळ झालेले हाड किरकोळ धक्क्यानेही मोडते. त्याची नोंद वेगळी होते. संबंध जोडणे हे निदान आहे, आणि निदान हे लेखणीचे काम नव्हे.

नवी पद्धत सुरू झाल्यानंतर एक प्रसंग घडला. एक भगिनी मनगटाच्या दुखण्यासाठी बाह्यरुग्ण विभागात आली. नोंद 'सांधेदुखी' अशी होणार होती. परिचारिकेने रकान्यातील प्रश्न विचारला, तेव्हा कळले की दोन वर्षांपूर्वी रोवणीच्या वेळी धुऱ्यावरून घसरून ती हातावर पडली होती. मजुरी बुडू नये म्हणून तिने फडके बांधून काम चालू ठेवले. हाड वाकडे सांधले. आता त्या हाताने तिला पाण्याची कळशी उचलत नाही. औषध कदाचित तेच दिले गेले असते. परंतु तिच्या कागदावर आता हाताचे हाड मोडल्याचा उत्तरपरिणाम, टी ९२.१ व वाय ८६ आहे, आणि शेजारच्या वहीत धुऱ्याची ओळ आहे. डॉक्टरांनी तिला अस्थिरोगतज्ज्ञांकडे पाठविले. सांधेदुखी म्हणून गोळ्या घेऊन ती परत गेली नाही, एवढे तरी घडले.

मंडळी, या वहीतून आम्हास मोठे संशोधन करावयाचे नाही. जून उजाडण्यापूर्वी गावोगावी जाऊन सांगावयाचे आहे की कवेलू फेरताना एकट्याने चढू नका, कमरेस दोर बांधा, वासे कुजलेले नाहीत ना ते आधी खालून ठोकून पाहा. जे आधीच खाटेवर आहेत त्यांच्या घरी जाऊन दाखवावयाचे आहे की दर दोन तासांनी कूस बदलल्यास दाबव्रण बव्हंशी टाळता येतो. कोणत्या घरी जावयाचे, हे आम्हास वहीच सांगणार आहे. त्या गृहस्थांचे घर सात वर्षांपूर्वी आमच्या वहीत असते, तर आमची परिचारिका तेथे निश्चित गेली असती.

देणगीदारांना एक विनंती. इमारतीसाठी व यंत्रांसाठी आपण मुक्तहस्ते देता. यंदा हवेच्या गाद्या, चाकांच्या खुर्च्या आणि घरभेटीस जाणाऱ्या परिचारिकांच्या प्रवासखर्चासाठीही द्यावे. त्यावर नावाची पाटी लावता येणार नाही, पण अशी गादी वर्षभर एखाद्याच्या पाठीखाली राहील.

गावकऱ्यांना दुसरी विनंती. आपण रुग्णास घेऊन याल तेव्हा नुसते 'पडला' म्हणू नका. कोठून, किती उंचीवरून, काय करताना आणि केव्हा, एवढे सांगा. पडण्यास लाज वाटण्याचे कारण नाही. जुने असेल तर जुने म्हणूनही सांगा. आमच्या कर्मचाऱ्याने विचारले नाही, तर त्यास 'हे लिहून घ्या' असे खुशाल बजावा. तो आपला अधिकार आहे.

त्या माउलीच्या प्रश्नाचे उत्तर आम्ही तिला देऊ शकलो नाही. तिच्या पतीची मूळ कारणासह नोंद आमच्या नव्या वहीतील पहिली ओळ म्हणून, तिच्या संमतीने व नावाविना, लिहून ठेवली आहे. त्या ओळीने तिचे काही भरून निघणार नाही, याची आम्हास जाणीव आहे. पुढील कोणास तो प्रश्न आम्हास विचारावा लागू नये, एवढीच खटपट आहे.